श्वासावर लिहिलेली अक्षरं

आमच्या घराण्यात चांगल्या अक्षराची परंपरा नाही. वडिलांनी एकदा ऐन आषाढी एकादशीला यादीत 'साबुदाणा, दोन किलो' असं लिहून मला वाण्याकडे पाठवलं, आणि वाण्याने ते नीट डोळ्यांपाशी नेऊन वाचून दोन किलो साबण बांधून दिला. त्या दिवशी घरातल्या सगळ्यांना निर्जळी घडली. तेव्हापासून ज्या लेखनात अक्षर वाईट येण्याची सोयच नाही, अशा लेखनाबद्दल मला फार आदर आहे.

तुम्ही म्हणाल, असं लेखन असतं कुठे? असतं. त्याला शाई लागत नाही, कागद लागत नाही. लागतो तो श्वास आणि खणखणीत गळा. आपल्या पूर्वजांनी ऋग्वेद तसाच लिहून ठेवला होता : हवेवर!

पुण्याच्या भांडारकर संस्थेत ऋग्वेदाच्या ३० पोथ्या आहेत. २००७ साली युनेस्कोने त्यांची जागतिक स्मृतींच्या नोंदवहीत नोंद केली. त्यांतल्या एका पोथीवरचं साल इसवी सनाच्या हिशेबाने १४६४ येतं. म्हणजे पोथी जुनीच. पण खुद्द ऋग्वेद तिच्याहून अडीच-तीन हजार वर्षांनी जुना! मधला बहुतेक काळ १०२८ सूक्तं आणि साडेदहा हजारांच्या आसपास ऋचा माणसांच्या जिभेवर मुक्कामाला होत्या. मला बायकोने सांगितलेल्या तीन जिनसा मंडईपर्यंत टिकवता येत नाहीत.

हे कसं साधलं, याची युक्ती मोठी गमतीची आहे. नुसता सरळ पाठ करून त्यांचं समाधान होत नसे. संहितापाठ झाला, की शब्द सुटे करून पदपाठ. मग दोन-दोन शब्दांच्या जोड्या लावत क्रमपाठ. मग जटा. आणि शेवटी घनपाठ. घनपाठाची रीत समजायला सोपी आहे. समजा, घरातून आज्ञा झाली : 'येताना कोथिंबीर आणा.' घनपाठी नवरा रस्त्याने म्हणत जाईल : 'येताना कोथिंबीर, कोथिंबीर येताना, येताना कोथिंबीर आणा, आणा कोथिंबीर येताना, येताना कोथिंबीर आणा.' तीन शब्दांचे तेरा झाले! मग एक शब्द पुढे सरकून पुन्हा तीच उलटसुलट वीण. अशा विणीत एखादा शब्द गळला किंवा आगंतुक घुसला, तर तो लगेच उघडा पडतो. आपल्या चोपड्यांत जमाखर्चाचा ताळा असतो ना, तसा हा शब्दांचा ताळा.

म्हणणाऱ्याचीही परीक्षा कडक. पाणिनीय शिक्षेत अधम पाठकाचे सहा प्रकार दिले आहेत. गाऊन म्हणणारा, घाईने म्हणणारा, मान हलवणारा, अर्थ न कळता म्हणणारा, बारीक आवाजाचा आणि... लिहिलेलं पाहून वाचणारा! म्हणजे ज्याला आपण सुशिक्षित म्हणतो, तो तिथे नापास. अक्षर किती वेळ धरायचं, याची मापंसुद्धा जिवंत. चाष पक्षी एक मात्रा ओरडतो, कावळा दोन, मोर तीन आणि मुंगूस अर्धी. वाघीण पिल्लाला दातांत धरून नेते तेव्हा पिल्लू पडता कामा नये आणि त्याला दातही लागता कामा नये. अक्षर उच्चारायचं ते असं!

चुकलं तर काय होई, त्याचीही गोष्ट आहे. त्वष्ट्याला इंद्राला मारणारा हवा होता. यज्ञात 'इंद्रशत्रु' हा शब्द उच्चारताना स्वर भलत्या अक्षरावर पडला. 'इंद्राला मारणारा' याऐवजी 'इंद्र ज्याला मारील तो' असा अर्थ झाला, आणि वृत्र हकनाक गेला. आपल्या मराठीत हा धोका रोजचा आहे. 'जग' लिहा. दुनिया म्हणायची असेल तर जिभेचं टोक एकीकडे आणि 'जगत राहा' म्हणायचं असेल तर दुसरीकडे. कागदाला यातलं काही कळत नाही. ते श्वासालाच माहीत.

एवढी नामी व्यवस्था, पण तिचं दार अरुंद होतं. बायकांना आणि शूद्रांना आत प्रवेश नव्हता. ज्ञानेश्वरांनी ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात वेदाला चक्क कृपण म्हटलं आहे. सगळं असून जो तिघांच्याच कानांत बोलतो, तो कंजूष नव्हे तर काय?

आमच्या घरी वेद नव्हता. रामरक्षा होती. अडतीस श्लोक, दिवेलागणीला, सगळ्यांनी मिळून. शिकवायला आजोबा. पुस्तक नावाची चीज नव्हतीच. आजोबा म्हणत, आम्ही मागून म्हणायचं. आजी स्वयंपाकघरातून ऐके आणि कुणी चुकलं की नुसतं 'हं!' करी. पाणिनीय शिक्षेप्रमाणे आजोबा अधमच ठरले असते, कारण ते मान हलवत आणि आवाजही बारीक. त्यांना दमा होता. एका श्लोकात, शब्दाच्या ऐन मधोमध त्यांचा श्वास संपे. ते थांबत, छातीतून शीळ घातल्यासारखा आवाज येई आणि मग उरलेला अर्धा शब्द बाहेर पडे.

आम्ही तसंच शिकलो. शब्दाच्या मध्ये थांबायचं असतं, अशीच आमची समजूत. पुढे कॉलेजात असताना छापील रामरक्षा हाती आली, तेव्हा कळलं की तिथे थांबायचं काहीच कारण नाही. मी सुधारायचा प्रयत्न केला. जमलं नाही. छाती दमेकऱ्याची नसूनही तिथे आली की थांबते.

आजोबांचं आता काही उरलेलं नाही. फोटो एकच, तोही पुसट. दोन पत्रं आहेत, ती वाचता येत नाहीत, कारण अक्षर! आवाज कुणी ध्वनिमुद्रित करून ठेवला नाही.

परवा माझी नात रामरक्षा म्हणत होती. मी शिकवलेली नाही, तिच्या बापाकडून ऐकून आलेली. सहा वर्षांची पोर, तब्येत ठणठणीत, एका दमात जिना चढून येते. त्या श्लोकाशी आली, आणि शब्दाच्या मधोमध थांबली. एक बारीकसा श्वास घेतला. मग उरलेला अर्धा शब्द म्हटला.

सून म्हणाली, "बाबा, ती तिथे चुकतेय बहुतेक. सांगू का तिला?"

घनपाठी असते तर त्यांनी ही चूक पहिल्याच दिवशी पकडली असती. म्हणूनच त्यांचा ऋग्वेद जसाच्या तसा राहिला आणि तो म्हणणाऱ्या हजारो माणसांचा मागमूस राहिला नाही.

"राहू दे," मी म्हटलं. "तिथे आजोबा आहेत."