लाल बावटा कलापथक

मुंबईच्या कामगारवस्तीत 1944 मध्ये उभे राहिलेले शाहिरी पथक. अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर हे त्याचे तीन आधारस्तंभ. तिघेही कम्युनिस्ट चळवळीतले. ढोलकी, डफ आणि तुणतुणे एवढ्या सामग्रीवर गिरणीच्या दारात किंवा चाळीच्या चौकात त्यांचा कार्यक्रम उभा राहत असे.

अण्णा भाऊ (1920–1969) सांगली जिल्ह्यातील वाटेगावचे. शालेय शिक्षण जवळजवळ नाहीच. त्यांचा ‘स्टालिनग्राडचा पोवाडा’ पथकाच्या स्थापनेआधीच गाजला होता. अमर शेख (1916–1969) बार्शीचे, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. त्यांचा पहाडी आवाज ही पथकाची मोठी शक्ती होती. गव्हाणकरांचा उल्लेख या दोघांच्या सावलीत मागे पडतो, हे त्यांच्यावर अन्यायकारक आहे.

परकीय सत्ता गेल्यावर पथकाची वाट सोपी होईल, ही अपेक्षा फोल ठरली. मुंबई सरकारने तमाशावर बंदी आणली. कारण अश्लीलतेचे दिले गेले. पण सरकारवर टीका करणाऱ्या शाहिरांनाही तिची झळ बसली आणि कलापथकाच्या कार्यक्रमांवर बंदी आली. पुढे खेळाची संहिता प्रयोगापूर्वी तपासून घेण्याची पद्धत रूढ झाली. लोककलावंताच्या दृष्टीने ही अट विचित्रच होती. तमाशातील बतावणी प्रेक्षकांसमोर, त्या क्षणी घडते. ती आधी कागदावर उतरवून कशी दाखवणार?

अण्णा भाऊंनी यावर शोधलेला मार्ग मराठी रंगभूमीच्या इतिहासात महत्त्वाचा ठरला. तमाशाऐवजी ‘लोकनाट्य’ हे नाव आले, पण बदल केवळ नावापुरता नव्हता. गणातील गणेशवंदनेच्या जागी मायभूमीचे आणि शिवरायांचे स्मरण आले, गवळण गळाली, आणि कृष्ण-पेंद्याची जागा कामगार, शेतकरी व सावकार यांनी घेतली. ‘अकलेची गोष्ट’, ‘माझी मुंबई’ ही त्याची ठळक उदाहरणे. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात ‘माझी मैना गावावर राहिली’ ही छक्कड घरोघरी पोहोचली. मैनेचा विरह हा बेळगाव, कारवार, निपाणीच्या ताटातुटीचा विरह आहे, हे श्रोत्यांना समजावून सांगावे लागले नाही.

रूपकाच्या आडून बोलण्याची ही रीत अन्यत्रही आढळते. पोलंडमध्ये 1981 च्या डिसेंबरात लष्करी कायदा लागू झाला, त्या काळात तोरून शहरातील ‘रेपुब्लिका’सारख्या पोस्ट-पंक वाद्यवृंदांना गीतांचे शब्द सरकारी तपासनिसांपुढे ठेवावे लागत. तेही थेट आरोप टाळून यंत्र, शहर, शिस्त अशा प्रतिमांतून बोलले. तिथे लाल बावटा सत्तेच्या हाती होता, मुंबईत तो गाणाऱ्यांच्या. गोमंतकीय वाचकाला तर पूर्वतपासणी नवी नाही. 1961 पर्यंत सालाझारच्या राजवटीत येथील छापील मजकुरावरही तीच सक्ती होती.

1950 च्या दशकात पथकाचे सदस्य वेगवेगळ्या वाटांनी गेले. अण्णा भाऊ कथा-कादंबरीकडे अधिकाधिक वळले. ‘फकिरा’ ही त्यांची सर्वाधिक वाचली गेलेली कादंबरी. अमर शेख संयुक्त महाराष्ट्राच्या सभा गाजवत राहिले. 18 जुलै 1969 रोजी अण्णा भाऊंचे निधन झाले. त्यानंतर सहा आठवड्यांनी, 29 ऑगस्ट रोजी, अमर शेख अपघातात दगावले.