लिटर बॉक्स (मांजराचा)

घरात पाळलेल्या मांजराच्या मलमूत्रविसर्जनासाठी माती, वाळू किंवा अन्य शोषक पदार्थ भरून ठेवलेले उथळ, पसरट भांडे. भुसभुशीत मातीत खड्डा उकरायचा आणि नंतर तो बुजवायचा, ही मांजराची उपजत सवय. लिटर बॉक्स हा त्या मातीचा घरातला पर्याय असून त्याच्या देखभालीचे बहुतेक नियम या सवयीतूनच निघतात.

शिरूर तालुक्यातील, घोड नदीकाठच्या इनामगावसारख्या शेतकरी गावात मोकळ्या फिरणाऱ्या मांजराची सोय परसात, उकिरड्यावर किंवा नांगरलेल्या वावरात होते. दार बंद असलेल्या शहरी सदनिकेत ही माती घरात आणावी लागते.

लिटर : अमेरिकेतील मिशिगन राज्यात एड लो यांनी १९४७ मध्ये वाळू व राखेऐवजी मुलतानी मातीच्या जातीची दाणेदार शोषक माती वापरात आणली, लिटरचा व्यापार तेथून वाढला. ओल लागताच गोळा धरणारे बेंटोनाइट मातीचे लिटर १९८० च्या दशकात आले. भारतात बेंटोनाइटचे मोठे साठे गुजरातेत कच्छमध्ये आहेत. लाकडाचा भुसा स्वस्त पडतो, पण पंजांना चिकटून घरभर होतो.

मांडणी : भांडे मांजराच्या लांबीच्या सुमारे दीडपट असावे, लिटरचा थर ५ ते ७ सेंमी. पुरतो. जितकी मांजरे त्यांहून एक भांडे अधिक ठेवावे. जागा शांत असावी; अन्नपाण्याजवळ भांडे ठेवल्यास मांजर ते टाळते. पिल्ले तीनचार आठवड्यांची झाली की शिकू लागतात; त्यांच्यासाठी काठ बुटका ठेवावा आणि गोळा धरणारे लिटर टाळावे, कारण ती ते चाटतात.

स्वच्छता : विष्ठा व ओले गोळे रोज काढावेत. भांडे अधूनमधून रिकामे करून साबणाने धुवावे. फिनाईल वापरू नये, त्यातील फिनॉलवर्गीय द्रव्ये मांजराला विषारी असतात. बेंटोनाइट पाण्याने फुगून नळी तुंबवते, म्हणून लिटर शौचकूपात टाकू नये. ते पिशवीत बांधून घंटागाडीत द्यावे. गावात विहीर व भाजीच्या वाफ्यांपासून दूर पुरावे.

आरोग्य : बाधित मांजराच्या विष्ठेतून टॉक्सोप्लाझ्मा गाँडाय हा परजीवी बाहेर पडतो. तो संसर्गक्षम होण्यास १ ते ५ दिवस लागत असल्याने रोजची सफाई हाच मुख्य प्रतिबंध ठरतो. गर्भाला धोका संभवत असल्याने गर्भवतींनी हे काम शक्यतो दुसऱ्यावर सोपवावे. इतरांनीही नंतर हात धुवावेत.

मांजर भांडे सोडून इतरत्र घाण करू लागल्यास त्याला मारू नये. अस्वच्छता, बदललेले लिटर, घरातील दुसऱ्या मांजराची दहशत किंवा आजार यांपैकी कारण शोधावे. बोका वारंवार भांड्यात बसतो, कुंथतो, पण लघवी होत नाही, असे दिसल्यास मूत्रमार्ग तुंबलेला असू शकतो. यात एकदोन दिवसांतही मृत्यू ओढवतो, म्हणून त्याला तत्काळ पशुवैद्याकडे न्यावे.