वेसवारापासून थुलीच्या वडीपर्यंत

इंदूरच्या खाद्यकीर्तीत मांसाला फारशी जागा नाही. सकाळचे पोहे-जिलबी, रात्री सराफ्यातला भुट्ट्याचा कीस, हिवाळ्यातले गराडू आणि सणावारी तुपात बुडवलेले बाफले ह्यांवरच त्या शहराचे नाव चालते. परंतु ज्या माळव्याच्या पठारावर इंदूर वसले आहे, त्याचा स्वयंपाक एवढ्यावर संपत नाही. खिमा आणि गहू ह्या दोन पदार्थांचा ह्या भूमीशी आलेला संबंध फार जुना आहे, आणि हल्ली ज्याला मीटलोफ म्हणून ओळखतात त्या विलायती पदार्थाच्या निमित्ताने तो पुन्हा आठवावा, असा योग आला आहे.

मीटलोफ म्हणजे खिम्याची मोठी भाजलेली वडी. खिम्यात भिजवलेला पाव, अंडे व कांदा मळावा, लांबट साच्यात दाबून भट्टीत भाजावे आणि मग काप पाडावेत, एवढीच त्याची मूळ कृती. पश्चिमेकडे तो मेंढीच्या, डुकराच्या वा गाईच्या मांसाचा होतो आणि अंगी चरबी असल्यामुळे जड होतो. आता तिकडे आणि इकडेही पुष्कळ घरांत मांसाऐवजी कोंबडीचा खिमा घेतात, पांढऱ्या पावाऐवजी सबंध दाण्याचा दलिया किंवा ओट घालतात आणि हा पदार्थ हलका झाला असे समाधान मानतात. समाधान खोटे नाही. मात्र ही युक्ती नवी आहे हा समज तेवढा खरा नव्हे.

वाटलेल्या मांसाच्या गोळ्याचे आपल्याकडील सर्वांत जुने वर्णन कोणा पाकशास्त्र्याने नव्हे, तर वैद्यांनी लिहून ठेवले आहे. सुश्रुतसंहितेत त्याला ‘वेसवार’ म्हटले आहे. हाडे काढलेले मांस शिजवावे, वाटावे, त्यात पिंपळी, सुंठ, मिरी, गूळ आणि तूप घालावे, असा तो प्रकार. त्याचे गुण सांगताना शास्त्रकाराने भीड ठेवलेली नाही: वेसवार गुरू आहे, स्निग्ध आहे, बळ देणारा आणि वाताच्या वेदना शमवणारा आहे. गुरू म्हणजे पचावयास जड. संस्कृतात वेसवार ह्या शब्दाचा दुसरा अर्थ कुटलेला मसाला असाही होतो, आणि मराठीत तेवढाच अर्थ उरला. ज्या घरांत मांस कधी शिजले नाही, त्या घरांतही वेसवाराची बरणी फळीवर असे. शब्दाच्या पोटात एके काळी खिमाही होता, हे त्या घरांतील कोणास सांगितले असते तर बरणी बहुधा फळीवरून खाली आली असती!

ह्याच संहितेत कोणते मांस हलके आणि कोणते जड ह्याचा विचार केलेला आहे. लावा आणि तित्तिर हे पक्षी लघू मानले आहेत. कोंबड्याच्या बाबतीत वैद्य एक बारीक भेद करतात. रानकोंबडा पौष्टिक, गावकोंबडाही तसाच, पण तो अधिक जड. धर्मशास्त्राने तर गावकोंबडा वर्ज्यच ठरवला होता. मनुस्मृतीत त्याचा निषेध स्पष्ट आहे. गावातल्या उकिरड्यावर चरणारा पक्षी ताटात नको, ही भावना त्यामागे असावी. ह्या निषेधाचा परिणाम पुढे कित्येक शतके टिकला. मराठी घरांपैकी जी मांसाहारी होती, त्यांतील कित्येकांत बोकड चाले, तितर चाले. कोंबडी मात्र उंबऱ्याबाहेर राही.

इंदूरपासून शंभरएक किलोमीटरांवर मांडूचा किल्ला आहे. तेथे 1469 ते 1500 पर्यंत राज्य करणाऱ्या गियासुद्दीन खिलजीने युद्धापेक्षा मुदपाकखान्यात अधिक मन घातले. त्याच्यासाठी लिहावयास घेतलेला ‘निअमतनामा’ हा ग्रंथ त्याचा मुलगा नासिरशाह ह्याच्या काळात पुरा झाला. पन्नास चित्रांनी सजलेली त्याची हस्तलिखित प्रत आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. चित्रांत मिशीवाला सुलतान कधी चुलीपाशी, कधी शिकारीवर, कधी शरबत करणाऱ्यांजवळ दिसतो. 1959 मध्ये रॉबर्ट स्केल्टन ह्यांनी ‘मार्ग’ त्रैमासिकात ह्या चित्रांचे महत्त्व विशद केले आणि 2005 मध्ये नोरा टिटली ह्यांचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध झाले. तोवर माळव्यातील फार थोड्यांना ह्या ठेव्याची वार्ता होती.

ग्रंथात समोसे आहेत, कोफ्ते आहेत, कबाब, यखनी, खिचडी आणि वडे आहेत. हरणाच्या मांसाबरोबर तितर, लावे आणि कोंबडीही आहे. हिंदवी शब्द फारसी वाक्यांत खुशाल मिसळलेले आहेत. मापे मात्र बहुधा दिलेली नाहीत. ज्याला मोजावे लागत नव्हते, त्याच्यासाठी लिहिलेले हे पुस्तक! तुपाला सुवास द्यावा, त्यात खिमा परतावा, त्यावर केशर, कापूर, गुलाबपाणी ह्यांचा वर्षाव करावा. पचनाच्या प्रश्नाला उत्तर म्हणून पुढच्या पानांवर औषधे दिलेलीच आहेत.

माळवा 1562 पर्यंत मोगलांच्या हाती आला, आणि मग ज्या ग्रंथात माप सापडते तो ‘आईन-इ-अकबरी’ पुढे येतो. अबुल फज्लने बादशाही पाकखान्यातील पदार्थांचे तीन वर्ग केले: मांसाविना, मांस आणि धान्य एकत्र, आणि केवळ मसाल्यातले मांस. मधल्या वर्गात ‘हरीसा’ येतो. दहा शेर मांस, पाच शेर कुटलेला गहू, दोन शेर तूप, अर्धा शेर मीठ आणि थोडी दालचिनी; त्यातून पाच थाळ्या भरत. मांस व गहू घोटून एकजीव करावयाचा हा प्रकार मूळचा अरबांचा. बगदादच्या दहाव्या शतकातील पाकग्रंथात तो आढळतो. त्याच वर्गात थोडे पुढे ‘हलीम’ आहे. मांस आणि गहू तेवढेच. पण तूप एकच शेर, शिवाय हरभरा, आणि सलगम, गाजर, पालक व बडीशेप प्रत्येकी अर्धा शेर. आणि थाळ्या पाच नव्हे, दहा.

ह्या दोन नोंदी शेजारी ठेवून वाचल्या की एक गोष्ट ध्यानात येते. तूप निम्मे झाले, भाजी व डाळ आली, आणि तेवढ्याच मांसात दुप्पट पाने उठली. खिम्याचा जडपणा कमी करण्याची आजची सारी रीत ह्यात आलेली आहे. हा फेरफार आरोग्यासाठी झाला असे म्हणावयास आधार नाही. तो पुरवठ्यासाठी झाला असण्याचा संभव अधिक. परंतु चारशेहून अधिक वर्षांपूर्वी दाण्याने मांसाला पुरवले आणि हलकेही केले, एवढे खरे. आणखी एक मुद्दा. आपल्याकडील बोकडाचे मांस मेंढीच्या मानाने पुष्कळच कमी चरबीचे. आपल्या खिम्याला जे जडत्व येई ते जनावराच्या अंगचे नव्हते, ते वरून ओतलेल्या तुपाचे होते. तूप हे वैभवाचे माप होते.

हरीशाची धाकटी बहीण म्हणजे खिचडा. गहू भिजवून, कांडून त्याचे वरचे साल काढतात, डाळींबरोबर शिजवतात आणि मांसासह जाड घोटण्याने तासन् तास घोटतात. मोहरमच्या दिवसांत तो मोठ्या देगांतून शिजतो आणि वाटला जातो. इंदुरात ह्या दिवसांना एक वेगळा रंग आहे. होळकरांनी आपल्या राज्यात मोहरमला दरबारी आश्रय दिला, आणि राजवाड्याजवळच्या इमामवाड्यातला ‘सरकारी ताजिया’ ही संस्था संस्थान गेल्यावरही राहिली. सुलतानाच्या थाळीतला पदार्थ रस्त्यावरच्या देगेत आला, तो गव्हामुळे. नुसते मांस इतक्या लोकांना कोण वाटू शकला असता?

1818 च्या मंदसौरच्या तहानंतर होळकरांची राजधानी इंदुरास आली आणि त्याच वर्षी जवळच महूची छावणी उभी राहिली. छावणीबरोबर खानसामे आले, भट्टी आली, पाव आला. साहेबाच्या मेजावरील भाजलेल्या खिम्यात शिळा पाव भिजवून घालत. ही चाल युरोपात रोमन काळापासूनची. अपीशियसच्या नावावर असलेल्या लॅटिन पाकग्रंथात खिम्यात द्राक्षारसात भिजवलेला पाव घालावयास सांगितला आहे. पण एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पावाची जातच बदलली. पोलादी रुळांच्या गिरण्यांनी गव्हाचा कोंडा आणि अंकुर वेगळे काढून पांढराशुभ्र मैदा स्वस्त केला. दाण्यातले सत्त्व जनावरांच्या आंबोणात गेले आणि उरलेला पिठूळ भाग माणसांच्या मेजावर चढला. कोंड्याचा मांडा करणाऱ्या गरिबाला जे साधले होते, ते श्रीमंताने पैसे देऊन गमावले.

ह्याची जाणीव करून देणाऱ्या संशोधनातही इंदूरचा वाटा आहे, जरी आडून. कुन्नूर येथे रॉबर्ट मॅककॅरिसन ह्यांनी 1920 च्या दशकात उंदरांना निरनिराळ्या प्रांतांचे आहार देऊन पाहिले. सबंध गव्हाची पोळी, दूध, लोणी, डाळ, भाज्या आणि क्वचित थोडे मांस ह्या उत्तरेच्या आहारावरचे उंदीर सर्वांत धडधाकट निघाले. त्याच सुमारास, 1924 ते 1931, अल्बर्ट हॉवर्ड इंदूरच्या वनस्पती संशोधन संस्थेत शेतातील टाकाऊ पदार्थांपासून खत करण्याची रीत बसवीत होते. तीच जगभर ‘इंदूर पद्धत’ म्हणून गाजली. हॉवर्डनी पुढे मॅककॅरिसनचे प्रयोग आपल्या विचाराशी जोडले: सकस माती, सकस दाणा, सकस शरीर. माळव्याच्या काळ्या जमिनीत पावसाच्या साठल्या ओलीवर येणारा कठीण, पिवळसर गहू त्यांच्या डोळ्यांसमोर होताच. ह्याच गव्हाचा भरडा करून माळव्यात ‘थुली’ शिजते, आणि तीत कोंडा राहतो. 1951 पासून इंदुरात असलेल्या गहू संशोधन केंद्राने ह्या कठीण गव्हाच्या नव्या जाती दिल्या. त्यांतील एकीचे नाव ‘पोषण’ असे आहे.

राहिली कोंबडी. तिच्यावरील निषेध शास्त्रार्थाने उठला नाही, बाजाराने उठवला. 1971 मध्ये पुण्यात डॉ. बी. व्ही. राव ह्यांनी व्यंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली, त्यानंतरच्या काळात थोड्या आठवड्यांत वाढणारा पक्षी शहरोशहरी पोचला आणि बोकडाहून स्वस्त झाला. मात्र इंदूरच्या पश्चिमेस झाबुआच्या भिल्ल वस्त्यांत आधीपासूनच एक निराळी कोंबडी होती: कडकनाथ, स्थानिक बोलीत ‘काली मासी’. पिसे काळी, कातडी काळी, मांसही काळे. भिल्लांनी ती देवकार्यासाठी आणि औषधासाठी जपली. तिच्या मांसात चरबी फार थोडी असते. एका काळी ती झपाट्याने कमी होत चालली होती; झाबुआच्या कृषी विज्ञान केंद्राने तिची पैदास हाती घेतली. छत्तीसगडनेही तिच्यावर हक्क सांगितला, परंतु 2018 मध्ये भौगोलिक मानांकन झाबुआच्या पदरात पडले.

ह्या कोंबडीचे मांस चिवट. साधा रस्सा करावयाचा तर पुष्कळ वेळ लागतो. खिमा केला की ती अडचण राहत नाही. पण कमी चरबीच्या खिम्याची वडी भाजताना दुसरी अडचण येते. उष्णतेने मांसातील प्रथिने आवळतात, पाणी बाहेर टाकतात आणि वडी कोरडी, भुसभुशीत होते. तेथे दाणा उपयोगी पडतो. किलोभर खिम्याला साधारण दोन मुठी थुलीचा भरडा गरम पाण्यात भिजवून, निथळून, परतलेल्या कांद्यासह आणि एका अंड्यासह हलक्या हाताने मिसळावा. फुगलेला दाणा सुटणारा रस आपल्यात धरून ठेवतो. भिजवल्याविना टाकला तर उलट तोच खिम्यातले पाणी पिऊन बसतो. किसलेले गाजर आणि चिरलेला पालक घातला तर अबुल फज्लच्या हलीमाची आठवण ठेवल्यासारखे होईल. वडीच्या मध्यभागी 74 अंश सेल्सिअसपर्यंत उष्णता पोचली पाहिजे. कोंबडीच्या मांसात ही काळजी आवश्यकच. भाजून झाल्यावर दहा मिनिटे ती तशीच राहू द्यावी, नाहीतर पहिल्याच कापाला रस ताटात जातो. कडकनाथाची असेल तर काप काळसर राखाडी दिसतात आणि त्यांत गव्हाचे पिवळे कण उठून दिसतात.