त्रिशुंड गणपतीची फारसी आणि कुंभाराची सुरई

पुण्याचा इतिहास अर्ध्या दिवसात पाहायचा असेल तर कसबा पेठेतून सुरुवात करावी. कसबा गणपती पाहून कुंभारवाड्यात जावे, जमल्यास चाकावर बसून एक पणती घडवावी. अंगठ्याचा दाब जरा चुकला की काठ वाकतो, मग कुंभाराच्या हाताची किंमत कळते.

तिथून सोमवार पेठेतले त्रिशुंड गणपतीचे मंदिर जवळच आहे. भीमजीगीर गोसावी यांनी ते १७५४ मध्ये बांधायला घेतले. १७७० मध्ये मूर्तीची प्रतिष्ठापना झाली. आत गाभाऱ्याच्या भिंतीवर संस्कृत लेखांसोबत एक फारसी लेखही कोरलेला आहे. पेशव्यांच्या पुण्यात, गणपतीच्या मंदिरात फारसी! बांधणाऱ्याला ती परकी वाटली नाही. ती कारभाराची भाषा होती, कुणा एका धर्माची नव्हे.

आज भाषांनाही धर्म चिकटवला जातो. म्हणून हा लेख मुलांना आवर्जून दाखवावा. परतताना कुंभाराकडून एक सुरई घ्यावी. संक्रांतीचे सुगड, नवरात्रातला घट आणि ही सुरई, माती एकच. 'सुरई' हा शब्दही आपल्याकडे फारसीतूनच आला. पण तिच्यातले गार पाणी पिताना ते कुणाच्या लक्षातही येत नाही.