शरणपूरचे आफ्रिकी विद्यार्थी आणि लिव्हिंग्स्टनची अखेरची मोहीम

एकोणिसाव्या शतकातील आफ्रिकेच्या भूगोल-संशोधनाचा इतिहास बहुधा युरोपीय प्रवाशांच्या चरित्रांतून सांगितला जातो. ज्यांच्या श्रमांवर व निर्णयांवर मोहिमा तडीस गेल्या, त्यांना त्यात गौण स्थान मिळते. अशांपैकी काही तरुण नाशिकजवळच्या शरणपूर येथे वाढले होते, ही गोष्ट महाराष्ट्राच्या इतिहासाच्या अभ्यासकांनी ध्यानी घेण्याजोगी आहे.

ब्रिटिश आरमाराने अरबी गलबतांवरून सोडविलेली आफ्रिकी मुले मुंबईस उतरविली जात. त्यांपैकी अनेकांना शरणपूर येथील चर्च मिशनरी सोसायटीच्या आश्रमात अक्षरज्ञान व हस्तव्यवसाय शिकविण्यात येत. जानेवारी १८६६ मध्ये डेव्हिड लिव्हिंग्स्टन मुंबईहून झांजिबारकडे निघाला, तेव्हा येथील नऊ तरुण त्याच्याबरोबर होते. मुंबईत जॉन विल्सन यांच्या शाळेत राहिलेला चुमाही होता. या नऊ जणांपैकी बहुतेक पुढे मोहिमेतून गळाले. १८७२ साली रसद घेऊन गेलेल्या तुकडीत शरणपूरचे आणखी काही विद्यार्थी होते. जेकब वेनराइट हा त्यांपैकीच.

१ मे १८७३ रोजी, आजच्या झांबियातील चितांबोच्या गावी, लिव्हिंग्स्टन मृत्यू पावला. सुसी, चुमा व त्यांच्या सोबत्यांनी त्याचे हृदय तेथेच पुरले. वेनराइटने अंत्यप्रार्थना म्हटली आणि झाडावर लेख कोरला. मग देह वाळवून त्यांनी तो सुमारे नऊ महिन्यांत किनाऱ्यास पोहोचविला. वाटेत लेफ्टनंट कॅमेरॉनने देह तेथेच पुरावा असे सुचविले. ते त्यांनी मानले नाही.

१८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर अॅबीत दफन झाले, त्या वेळी शवपेटीच्या मानकऱ्यांत वेनराइट होता. लिव्हिंग्स्टनच्या अखेरच्या दैनंदिनीचे संपादन करताना होरेस वॉलरने मुख्यतः चुमा व सुसी यांच्या तोंडी निवेदनाचा आधार घेतला. वेनराइटने मात्र स्वतःची दैनंदिनी लिहिली होती. तिचे जर्मन भाषांतर १८७४ मध्येच प्रसिद्ध झाले. म्हणजे शरणपूरच्या शिक्षणाने या मोहिमेचा एक स्वतंत्र लेखी साधनग्रंथ निर्माण केला.

लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने या मंडळींसाठी पदक काढले. त्यावर अखेरपर्यंत निष्ठा राखल्याचा गौरव होता. परंतु कॅमेरॉनचा सल्ला नाकारणे हे केवळ सेवकाच्या निष्ठेचे लक्षण नव्हे. त्यामागे स्वतंत्र निर्णय होता. चुमाने पुढे १८७९-८० मध्ये जोसेफ टॉमसनच्या मोहिमेचा तांडा चालविला, आणि शरणपूरच्या अनेक आफ्रिकींनी मोंबासाजवळची फ्रिअर टाउन ही वसाहत उभी केली. त्यांना ‘सेवक’ म्हणावे की ‘संशोधक’, हा प्रश्न म्हणूनच केवळ शब्दांचा नाही. साधनांच्या वाचनाचा आहे.