जनरल डव्हटन आणि वऱ्हाडातील पाठलाग

पेशवाईची अखेर म्हटली की खडकी, कोरेगाव आणि आष्टी ही नावे चटकन आठवतात. बाजीराव दुसरा याच्या सैन्याची अखेरची मोठी वाताहत मात्र यवतमाळ जिल्ह्यात, पांढरकवड्याजवळील शिवणी येथे १७ एप्रिल १८१८ रोजी झाली. (मध्य प्रदेशातील सिवनी ती ही नव्हे.) ही लढाई कर्नल अ‍ॅडम्सने जिंकली, पण पेशव्याला त्याच्या तोंडी नेऊन सोडणारा सेनानी निराळाच होता. त्याचे नाव ब्रिगेडियर जनरल जॉन डव्हटन.

डव्हटन हा ईस्ट इंडिया कंपनीच्या मद्रास सैन्यातील अधिकारी. तिसऱ्या इंग्रज-मराठा युद्धाच्या वेळी हैदराबादच्या तैनाती फौजेची सूत्रे त्याच्याकडे होती आणि या फौजेचा तळ जालन्याला होता. तैनाती फौजेची रीत ठाऊक असल्याखेरीज या सेनानीच्या कारकिर्दीचा उलगडा होत नाही. फौज कंपनीची, अधिकारी कंपनीचे, हुकूमही कंपनीचाच. खर्च मात्र निजामाचा. या खर्चापोटी निजामाने १८०० मध्ये बळ्ळारी, कडप्पा आदी प्रदेश कंपनीला तोडून दिला होता. वर्धा नदीच्या पश्चिमेकडील वऱ्हाड १८०३ च्या देवगावच्या तहाने नागपूरकर भोसल्यांच्या हातून गेले आणि निजामाला मिळाले. त्यामुळे १८१८ मध्ये निजामाच्या मुलखातून, निजामाच्या पैशावर पोसलेली फौज मराठ्यांच्या पेशव्याचा पाठलाग करीत होती आणि त्यातून मिळणारे राज्य मात्र कंपनीचे होते.

नागपूरची कसोटी

या युद्धात डव्हटनची पहिली मोठी कामगिरी नागपूरला झाली. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ रोजी सीताबर्डीच्या टेकड्यांवर रेसिडेंट जेन्किन्सजवळच्या थोडक्या पलटणींनी भोसल्यांचा हल्ला कसाबसा परतवला. त्यांच्या मदतीला डव्हटन वऱ्हाडातून वेगाने निघाला व १२ डिसेंबरला नागपुरात पोहोचला. १६ डिसेंबरला अप्पासाहेब भोसले स्वतः रेसिडेन्सीत दाखल झाले. पण तोफा ताब्यात घेण्यासाठी पुढे सरकलेल्या इंग्रज फौजेवर भोसल्यांच्या सैन्याने मारा सुरू केला. त्या लढाईत डव्हटनने मैदान मारले.

शहर मात्र हाती आले नाही. भोसल्यांच्या चाकरीतील अरब शिपाई तटाआड ठाण मांडून बसले. २४ डिसेंबरला जुम्मा दरवाजावर केलेला हल्ला फसला. अखेर बोलणी होऊन, सवलती पदरात पाडून घेऊन, ३० डिसेंबरला अरबांनी शहर सोडले. खुल्या मैदानात वरचढ ठरलेली फौज वेशीपाशी अडते, हा अनुभव त्याच्या कारकिर्दीत असा आरंभीच नोंदला गेला.

वर्धेच्या काठी कोंडी

२० फेब्रुवारी १८१८ रोजी सोलापूर जिल्ह्यातील आष्टी येथे बापू गोखले धारातीर्थी पडले आणि साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह इंग्रजांच्या हाती आले. त्यानंतर बाजीरावाने ईशान्येची वाट धरली. नागपूरकरांची मदत मिळवावी आणि चांद्याचा किल्ला गाठावा, असा त्याचा बेत होता. पण मार्चमध्येच जेन्किन्सने अप्पासाहेबांना कैद केले. एप्रिलच्या आरंभी पेशव्याचे सैन्य वणीच्या परिसरात आले, तेव्हा वर्धेपलीकडची वाट नागपूरहून आलेल्या इंग्रज तुकडीने रोखली होती. हिंगणघाटच्या बाजूने अ‍ॅडम्स होता आणि पश्चिमेकडून डव्हटन चालून येत होता.

आजच्या नकाशावर यवतमाळ जिल्ह्याचा पूर्व भाग पाहिला तर ही कोंडी सहज ध्यानात येते. पूर्वेला वर्धा, दक्षिणेला पैनगंगा आणि मध्ये डोंगराळ, रानाळ मुलूख. डव्हटनच्या फौजेपासून दूर सरकण्याच्या धडपडीत पेशव्याचे सैन्य १७ एप्रिलला शिवणीजवळ नेमके अ‍ॅडम्सच्या समोर आले. अ‍ॅडम्सचे घोडदळ आणि घोड्यांवरील तोफखाना यांच्यापुढे त्याचा निभाव लागला नाही. उरलेल्या तोफा गेल्या, हत्ती-उंट गेले. बाजीराव घोड्यावर बसून निसटला. याच पराभवानंतर सैन्याची पांगापांग झाली आणि बंधू चिमाजी अप्पाही त्याच्यापासून दुरावला.

अ‍ॅडम्स पुढे चांद्याकडे वळला आणि २० मे रोजी तो किल्ला त्याने जिंकला. पाठलागाचे कष्टाचे काम डव्हटनच्या वाट्याला आले. तो उमरखेडपर्यंत पेशव्याच्या मागावर राहिला. पण तेथवर येईतो जवळचे धान्य संपले आणि त्याला जालन्याला परतावे लागले. वैशाखाच्या उन्हात, सततच्या धावपळीने उजाड झालेल्या मुलखात हजारो माणसांची आणि जनावरांची पोटे भरणे हे शत्रूला गाठण्याहून अवघड होते. वाटेवरच्या गावांवर त्या महिन्यांत दोन्ही फौजांचा भार पडला. लढाईच्या कागदपत्रांत त्या गावांची नावे मुक्कामापुरतीच येतात.

अखेरचा डाव दुसऱ्याच्या हाती

जालन्याहून पुन्हा निघून डव्हटन मेअखेरीस बऱ्हाणपूरपर्यंत पोहोचला. बाजीराव तेव्हा असीरगडाच्या आसपास होता. सर जॉन माल्कम पेशव्याशी शरणागतीची बोलणी करीत होता आणि त्याने डव्हटनला हल्ला न करण्याविषयी कळवले. ३ जून १८१८ रोजी बाजीराव माल्कमच्या स्वाधीन झाला. सालिना आठ लाख रुपयांचा तनखा आणि गंगाकाठी बिठूरचा निवास, अशा अटींवर पेशवाई संपली. शिवणीचा विजय अ‍ॅडम्सच्या नावे, शरणागती माल्कमच्या नावे आणि मुलकी व्यवस्था एल्फिन्स्टनच्या नावे इतिहासात जमा झाली. शेकडो कोस फौज दामटणाऱ्या डव्हटनचे नाव तळटिपेत राहिले.

पुढील वर्षी, मार्च-एप्रिल १८१९ मध्ये असीरगडच्या वेढ्याचे सेनापतिपद डव्हटनकडे आले. अप्पासाहेब भोसले कैदेतून निसटले होते आणि त्यांना तेथे आश्रय मिळाल्याचा संशय होता. ९ एप्रिलला किल्लेदार जसवंतराव लाड याने गड खाली केला. या युद्धातील ही अखेरची मोठी कारवाई होय. डव्हटनला पुढे ‘सर’ हा किताब मिळाला. मद्रासेतील त्याचा बंगला ‘डव्हटन हाउस’ म्हणून ओळखला जातो. आज तो विमेन्स ख्रिश्चन कॉलेजच्या आवारात आहे.

डव्हटनच्या कारकिर्दीत असामान्य रणकौशल्याचे प्रसंग फारसे नाहीत. वेळेवर कूच करणे, रसद सांभाळणे, दुसऱ्या फौजेशी मेळ राखणे आणि थांब म्हटले की थांबणे, हे त्याचे गुण. कंपनीचे राज्य वाढले ते मुख्यतः अशाच शिस्तीच्या बळावर. पेशव्यांकडे शूर शिलेदार होते. परंतु चार दिशांनी निघालेल्या फौजांना एका बेतात बांधणारी यंत्रणा १८१८ मध्ये त्यांच्यापाशी उरली नव्हती.

यवतमाळच्या दृष्टीने या प्रकरणाला आणखी एक पुढचा अध्याय आहे. पेशवाई बुडाल्यावरही हा मुलूख निजामाकडेच राहिला. परंतु हैदराबाद कंटिन्जंट नावाच्या दुसऱ्या फौजेच्या थकलेल्या खर्चापोटी १८५३ मध्ये निजामाला वऱ्हाड कंपनीच्या हवाली करावे लागले. पुढे येथे वणी जिल्हा झाला आणि १९०५ मध्ये त्याला यवतमाळ हे नाव मिळाले. म्हणजे ज्या मुलखात परक्या खर्चाच्या फौजेने पेशव्याला गाठले, तोच मुलूख पस्तीस वर्षांनी तशाच एका फौजेच्या हिशेबात गेला. आणि या वेळी एकही गोळी झाडावी लागली नाही.