जुना गेमिंग कन्सोल विकताय? आधी डेटा असा पुसा

गिरगावातल्या खोताच्या वाडीतून चालत गाठता येईल एवढ्या अंतरावर लॅमिंग्टन रोडचा इलेक्ट्रॉनिक्स बाजार आहे. तिथे किंवा ऑनलाइन जुना कन्सोल विकताना नुसते गेम डिलीट करून भागत नाही. तुमचं लॉगिन तसंच राहिलं, तर नवा मालक तुमचे मेसेज वाचू शकतो, वॉलेटमधल्या पैशांनी खरेदीही करू शकतो.

काय कराल?

१. गेमचा सेव्ह डेटा आधी क्लाउडवर घ्या.

२. पीएस ४ : 'अकाउंट मॅनेजमेंट'मध्ये 'प्रायमरी' डिअॅक्टिव्हेट करा. मग सेटिंग्ज > इनिशियलायझेशन > इनिशियलाइज पीएस ४ > 'फुल'. याला काही तास लागतात. 'क्विक' लवकर होतं, पण त्यात पुसलेला डेटा खास सॉफ्टवेअरने परत मिळवता येऊ शकतो.

३. पीएस ५ : सेटिंग्ज > सिस्टम > सिस्टम सॉफ्टवेअर > रीसेट ऑप्शन्स > रीसेट युअर कन्सोल.

४. एक्सबॉक्स : सेटिंग्ज > सिस्टम > कन्सोल इन्फो > रीसेट कन्सोल > 'रीसेट अँड रिमूव्ह एव्हरीथिंग'.

५. निन्टेन्डो स्विच : सिस्टम सेटिंग्ज > सिस्टम > फॉरमॅटिंग ऑप्शन्स > इनिशियलाइज कन्सोल. मेमरी कार्ड काढायला विसरू नका, फोटो त्यातही असतात.

कन्सोल आधीच विकून झालाय? मग फोनवरून अकाउंटचा पासवर्ड लगेच बदला आणि सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट करा.